राखून न ठेवलेला हक्क

आमच्या घरात पहिल्यांदा मेथी विकत आली, त्या दिवशी आई जेवली नाही. अण्णांनी कामावरून येता येता खडकीच्या बाजारातून एक जुडी आणली होती आणि आपण काही तरी शहाणपणाचे केले अशा समाधानाने ती ओट्यावर ठेवली होती. आईने ती निवडली, धुतली, लसणाच्या फोडणीवर परतली, बाजरीच्या भाकरीबरोबर आम्हाला वाढली आणि स्वतः वाटीभर ताक पिऊन उठली. "इकतच्या भाजीला चव कसली येतीया," एवढेच ती म्हणाली. चव उत्तम होती. पण विहिरीकडच्या पट्ट्यात स्वतःच्या हाताने वाफे धरणाऱ्या बाईच्या घरात भाजी विकत यावी, हा अपमान तिला चवीपेक्षा मोठा वाटत होता, आणि त्या बाबतीत तिचे बरोबर होते.

विश्रांतवाडीच्या पलीकडे, आळंदी रस्त्यापासून थोडे आत, आमचे गाव होते. शहराने ते कागदावर केव्हाच गिळले होते. पचवायला मात्र अजून अवकाश होता. सकाळी खडकीच्या कारखान्याचा भोंगा ऐकून अण्णा सायकल बाहेर काढत. दुपारी कधी तरी तिकडून स्फोटाच्या चाचणीचा दबका दणका यायचा आणि फळीवरची भांडी किणकिणायची. उरलेला आवाज विहिरीच्या रहाटाचा. घराच्या मागे आमचा पट्टा, पट्ट्याच्या टोकाला विहीर आणि त्यापलीकडे अण्णांचा चुलतभाऊ शंकरकाका याचे शेत. मेथी, चुका, शेपू, कोथिंबीर, बांधाला दोन-चार वांगी, असा आईचा संसार त्या पट्ट्यात होता. स्वयंपाकघरातला संसार ती कर्तव्य म्हणून करत असे, वाफ्यातला आवडीने.

शंकरकाका स्वतःला प्रगतिशील शेतकरी म्हणवून घेत असे. शेतीत प्रगती होती की नाही हे मला सांगता येणार नाही, पण कुंपण निश्चित प्रगती करत होते. एका वर्षी तो अण्णांकडे येऊन म्हणाला, "दादा, गुरं आत शिरत्यात. तुमच्या कडंनं झाडांची एक रांग धरतो, दोघांचंबी भलं." अण्णांनी चहा पाजून होकार दिला. नाही म्हणणे हे अण्णांना असभ्यपणाचे वाटे. झाडे वाढली, झाडांना तार आली, तारेला फाटक आले आणि फाटकाला कुलूप. आमचा पट्टा आणि विहीर कुलपाच्या आत, आम्ही बाहेर. अण्णा विचारायला गेले तेव्हा शंकरकाका म्हणाला, "हे पयल्यापासनं आमच्याच वहिवाटीत हाय. तुम्हाला म्हाईत न्हाई व्हय?"

म्हणून आम्ही दावा लावला. जमीन कागदोपत्री आमची होती, त्याबद्दल काकालाही फारसे म्हणायचे नव्हते. त्याचे म्हणणे वेगळे होते: बारा वर्षांहून अधिक काळ हा पट्टा मी उघडपणे, मालकाला न जुमानता कब्जात ठेवला आहे, तेव्हा तो आता माझाच. कायद्यात याला प्रतिकूल कब्जा म्हणतात. म्हणजे चोरी पुरेशी जुनी झाली की तिला मालकी म्हणायचे. तेव्हाही मला ही कल्पना किळसवाणी वाटली होती, आजही वाटते. पण कायद्याची एक गोष्ट मान्य केली पाहिजे की त्याने सिद्ध करण्याचे ओझे चोरावरच टाकले होते. बारा वर्षे झाली हे काकाने दाखवायचे होते. नाही झाली हे आम्ही दाखवायला हवे असे नव्हते, पण दाखवता आले तर उत्तम.

आमचे वकील राजहंस. एका पेठेत त्यांचे कार्यालय होते आणि अण्णांच्या दृष्टीने ते देवस्थान होते. अण्णा तिथे चपला जिन्याखाली काढत. राजहंसांचा आवाज भरदार होता, केस पिकलेले होते आणि पक्षकाराचे बोलणे मध्येच तोडण्याची त्यांची पद्धत इतकी सफाईदार होती की ज्याचे बोलणे तोडले त्यालाच आपण जास्त बोललो असे वाटावे. मी त्या वेळी वनस्पतिशास्त्रात एम.एस्सी. करत होते. प्रयोगशाळेत चुकीला चूक म्हणायची सवय झालेल्या मुलीला त्या कार्यालयात बसणे जड जाई. एकदा मी विचारले, "साक्षीदारांचा क्रम काय ठरवलाय आपण?" त्यावर ते अण्णांकडे पाहून म्हणाले, "मुलगी हुशार आहे. लग्नाचं बघताय ना?" अण्णा कृतज्ञतेने हसले.

आमची बाजू आधी मांडायची होती. अण्णांनी साक्ष दिली, कागद दाखल झाले, झाडे अलीकडे लावली असे अण्णांनी सांगितले. त्यानंतर राजहंसांनी आमचा पुरावा संपल्याची पुरशीस दिली. पुरशीस म्हणजे कोर्टाला एखादी गोष्ट कळवणारी छोटी लेखी चिठ्ठी. पुण्याच्या कोर्टात तेव्हा असल्या चिठ्ठ्या वकिलांच्या खिशात सुपारीसारख्या असत. हाताला येईल ती पुढे करायची. ती चिठ्ठी दिली तेव्हा मी तिथेच बसले होते. कुणी ती वाचली नाही. वाचण्यासारखे तिच्यात काही असेल असे कुणालाच वाटले नाही, ज्याने सही केली त्याला तर मुळीच नाही.

मग शंकरकाका पिंजऱ्यात उभा राहिला. नवा फेटा, नवे धोतर. शपथ घेऊन त्याने सांगितले की ही सुबाभळीची रांग त्याच्या बापाने लावली, विहिरीचा काठ बांधला त्याच साली. तेव्हा तो स्वतः पोरगा होता आणि रोपांना पाणी घालत होता. त्याच्या पाठोपाठ गावातल्या एका म्हाताऱ्याने हेच पाठ म्हणून दाखवले. अण्णांचा शब्द एका बाजूला, या दोघांचा दुसऱ्या बाजूला.

मी बाकावर ताठ बसले. ती झाडे मी रोज पाहत होते, पण काकाने त्यांचे वय शपथेवर सांगेपर्यंत त्यांच्याकडे पुरावा म्हणून पाहिले नव्हते. आपल्याकडची जुनी सुबाभूळ झुडपी, बुटकी असते. कुंपणावरची झाडे सरळसोट उंच गेलेली होती. ही परदेशातून आणलेली जात. तिचे बी आपल्याकडे येऊन फार दिवस झाले नव्हते. तिचा गाजावाजा माझ्या डोळ्यांदेखत झाला होता आणि आमच्या विभागाच्या बागेत तिची पहिली रोपे लागली तेव्हा मी पदवीच्या वर्गात होते. काकाच्या बापाने ती लावायची तर त्याला बी स्वप्नात मिळायला हवे होते. मी हे सगळे, आणि आमच्या विभागातले सर यावर साक्ष देऊ शकतील हेही, एका चिठोऱ्यावर लिहून राजहंसांच्या हाती दिले. त्यांनी वाचले. चेहऱ्यावर हसू आले. कागद घडी करून त्यांनी कोटाच्या खिशात ठेवला आणि उलटतपासणीत काकाला बांध, विहीर, गुरे, सातबारा, सगळ्यावर विचारले. झाडांवर एक शब्द नाही.

बाहेर आल्यावर मी म्हटले, "झाडांचं का नाही विचारलंत?"

"हुकमाचं पान शेवटी टाकायचं असतं, बाई," ते म्हणाले. "आत्ता विचारलं असतं तर सावध झाले असते. त्यांचा पुरावा संपू दे. मग तुमच्या त्या सरांना आणू. खंडनाचा पुरावा! एका साक्षीत आडवे."

"पण आपला पुरावा संपलाय ना? परत देता येतो?"

"ते आमच्यावर सोडा. तुम्ही पानं-फुलं बघा."

अण्णांनी माझ्याकडे असे पाहिले की जणू मी देवळात शिंकले होते.

मी सोडले नाही. अप्पा बळवंत चौकात जुन्या पुस्तकांच्या दुकानातून दिवाणी कार्यपद्धतीचे एक फाटके पुस्तक आणले आणि स्वयंपाकघरात, आई भाकरी थापत असताना, तिच्या बाजूला बसून वाचले. नियम मला सोपा वाटला. ज्याने सुरुवात करायची त्याच्यासमोर, ज्या मुद्द्यांचे ओझे दुसऱ्यावर आहे त्यांच्यापुरते, दोन रस्ते असतात. त्या मुद्द्यांवरचा आपला पुरावाही आत्ताच द्यावा, किंवा तो राखून ठेवावा आणि दुसऱ्याचे ऐकून मग उत्तरादाखल द्यावा. मात्र राखून ठेवत असाल तर तसे आधी सांगायला हवे, निदान समोरचा आपला पुरावा सुरू करण्यापूर्वी. वाचताना मला त्या नियमाबद्दल आदर वाटला, हे मुद्दाम लिहून ठेवते. आकडे हाती आल्यावर प्रयोगाची अट बदलणाऱ्याला आम्ही लबाड म्हणतो; हा नियमही तेच म्हणत होता. हल्ली निवृत्तीनंतर भेटणारे लोक कायदा किचकट असतो अशी तक्रार करतात, तेव्हा मी त्यांना विचारते, वाचलाय का? कायदा बहुधा सरळ असतो. त्याच्या दारात उभे राहून दक्षिणा मागणारे किचकट असतात.

"काय लिवलंय?" आईने तव्यावर भाकरी टाकत विचारले.

"मागून बोलायचं असेल तर आधी सांगून ठेवायचं."

"मग सांगितलंय का त्यांनी?"

"माहीत नाही."

"मला म्हाईत हाय," आई म्हणाली आणि भाकरी उलटली.

काकाचा पुरावा संपल्यावर राजहंसांनी खंडनाचा पुरावा देण्यासाठी अर्ज केला. माझे सर साक्षीला येऊन बाहेर व्हरांड्यात बसले होते, झाडाची फांदी वर्तमानपत्रात गुंडाळून. काकाचे वकील उठले आणि अगदी गोड आवाजात म्हणाले की वादीने हा हक्क राखून ठेवलेलाच नाही. न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिले.

"राजहंस, राखून ठेवलं होतंत?"

"साहेब, ते गृहीतच होतं."

"कुणी गृहीत धरलं होतं?"

"म्हणजे, नेहमी गृहीतच असतं, साहेब."

काकाच्या वकिलांनी पुरशीस मागवली आणि मोठ्याने वाचली. वादीस या दाव्यात यापुढे कोणताही पुरावा द्यावयाचा नाही. खाली राजहंसांची झोकदार सही. अगोदर ती कितीतरी दाव्यांत तशीच दिली गेली असणार. नाव आणि क्रमांक तेवढा बदलायचा. जेवणाआधी चित्राहुती घालावी तसे पुरावा संपला की हे घालायचे. आमच्या दाव्यात काय उरले आहे, काय राखायला हवे, असा प्रश्न ती सही करताना त्यांच्या मनात आलाच नव्हता.

"बरं, ही झाडांची गोष्ट उलटतपासणीत तरी विचारलीत का?" न्यायाधीशांनी पुढचे पान उलटले. "इथे एक प्रश्न दिसत नाही."

"ते मुद्दामच विचारलं नाही, साहेब."

"मुद्दाम?"

मागच्या बाकांवर कुणी तरी हसले. राजहंसांच्या मानेवर लाली चढली आणि ते काही तरी इंग्रजीत बोलले, जे न्यायाधीशांनी ऐकून घेतले नाही. अर्ज फेटाळला गेला. सरांनी फांदी परत वर्तमानपत्रात गुंडाळली. व्हरांड्यात शंकरकाका अण्णांना म्हणाला, "दादा, येवढं शिकून पोरीनं झाडाची डहाळी आणली व्हय कोर्टात? शेळीला तरी घालायची." आणि अण्णा त्याच्याकडे पाहून हसले, सवयीने.

घरी अण्णांचे म्हणणे एकच. "वकीलसाहेबांचा काही तरी विचार असेल."

"असता तर तोंडातनं आला असता," आई म्हणाली. "पट्टा गेला तर तुम्ही कारखान्यात जाल, ही कालेजात जाईल. मी कुठं जाऊ? रोज त्या फाटकाकडं बघत बसू?"

तिने हे ओरडून म्हटले असते तर अण्णा गप्प बसून ते निभावून नेऊ शकले असते. तिने ते मसाला वाटता वाटता म्हटले, हात न थांबवता. पाट्यावर खोबऱ्याचा आणि कांद्याचा वास होता, वरवंट्याचा आवाज एकसारखा होता.

मी पुन्हा ते फाटके पुस्तक घेऊन बसले. खंडनाचा रस्ता बंद होता. पण त्याच प्रकरणात, काही नियम पुढे, एक दार उघडे होते. कोणत्याही टप्प्यावर कोर्ट स्वतः साक्षीदाराला परत बोलावू शकते आणि त्याला स्वतः प्रश्न विचारू शकते. वकिलाची चूक झाकण्यासाठी ही सोय केलेली नाही. कोर्टाला काही धूसर राहिले असेल तर ते स्वच्छ करण्यासाठी आहे. धूसर तर होतेच. दोन शब्द समोरासमोर उभे होते आणि मधल्या झाडाबद्दल कुणी विचारलेच नव्हते.

आम्ही तिघे पेठेत गेलो. अण्णांनी चपला जिन्याखाली काढल्या. आई चपला घालूनच वर आली.

राजहंसांनी मी दाखवलेला नियम वाचला नाही. त्यांना तो माहीत असल्याचा आव आणणे अधिक सोपे होते. "कोर्टाला आपण सांगायचं की तुम्ही प्रश्न विचारा? मग वकिलानं काय करायचं?"

"बसायचं," आई म्हणाली. "आत्तापतुर बसलाच हाय न्हवं."

अण्णांनी डोळे मिटले. राजहंस माझ्याकडे वळले. "हे तुम्ही शिकवून आणलंत त्यांना?"

"मी अर्ज लिहून आणलाय," मी म्हटले. "आपली सही हवी. नसेल करायची तर वकीलपत्र परत द्या, दुसरीकडे जाऊ."

त्यांनी अण्णांकडे पाहिले. आजवर तिथूनच त्यांना मदत मिळत आली होती. अण्णा खाली फरशीकडे बघत होते. मग अण्णा, फरशीकडेच बघत, म्हणाले, "करा साहेब सही. बायका ऐकायच्या नाहीत." यापेक्षा शूर वाक्य अण्णांनी आयुष्यात उच्चारले असेल असे मला वाटत नाही.

न्यायाधीशांनी काकाला परत बोलावले. तोच फेटा. दोन्ही वकिलांना गप्प राहायला सांगून त्यांनी अगदी घरगुती सुरात विचारले, "शंकरराव, झाडं चांगली उंच आहेत म्हणे तुमची."

"व्हय साहेब!" काका फुलला. "पंचक्रोशीत अशी न्हाईत कुणाकडं."

"रोपं कुठून आणलीत?"

"शेतकी प्रदर्शनातनं. परदेशी बी हाय साहेब. आख्ख्या गावात पयल्यांदा म्याच लावलं. लोक बघायला यायचे."

त्याचा वकील उठायला लागला. न्यायाधीशांनी हातानेच बसवले.

"प्रदर्शनाला वडिलांबरोबर गेला होतात?"

"न्हाई न्हाई, वडील तवर गेलं होतं. मी आन् माझा मेव्हणा. त्याच्या नव्या ट्रॅक्टरवरनं..."

तो थांबला. आपल्या तोंडातून काय गेले ते त्याला नेमके कळले नसावे, पण खोली बदलली आहे हे कळले. "म्हंजी, साहेब, वडलांच्या नावानं लावली," तो म्हणाला. लघुलेखकाने तेही लिहून घेतले.

झाले. सर नको, फांदी नको, जातीचे शास्त्रीय नाव नको. ज्या प्रश्नाला हुकमाचे पान म्हणून खिशात जपले होते, तो कुणीही, कधीही, साध्या मराठीत विचारला असता तर काकाने छाती फुगवून हेच सांगितले असते, कारण खोटे बोलणे त्याला जमत होते पण बढाई आवरणे जमत नव्हते. रांग बापाची नाही हे त्याच्याच तोंडून आले, बारा वर्षे सिद्ध करण्याचे ओझे त्याच्यावरच होते, आणि तो मुद्दा त्याच्या विरुद्ध गेला. विहिरीसकट पट्टा आमचा ठरला.

निकालाच्या दिवशी राजहंसांनी व्हरांड्यात अण्णांच्या खांद्यावर हात ठेवून इतर वकिलांना सांगितले, "उलटतपासणीत मुद्दाम हात लावला नाही. कोर्टालाच विचारायला लावलं." ऐकणाऱ्यांनी माना डोलावल्या. अण्णांनीही डोलावली. पुढे कित्येक वर्षे अण्णा लोकांना तो दावा राजहंसांच्या डावपेचाची कथा म्हणून सांगत, आणि मी कधी त्यांना दुरुस्त केले नाही. मूर्खपणाचा तिरस्कार करायला मला आवडते. त्याच्याशी वाद घालायला वेळ नसतो. त्या वर्षी मला संशोधनाची शिष्यवृत्ती मिळाली होती आणि माझे डोके दुसरीकडे होते.

कब्जा देण्यासाठी कोर्टाचा बेलिफ आला तेव्हा मी सुट्टीवर घरी होते. बरोबर पंच म्हणून गावातली दोन माणसे होती, काखेत कागदांची पिशवी, आणि चेहऱ्यावर सरकारी गांभीर्य. शंकरकाकाने सकाळीच कुलूप काढून नेले होते आणि तो स्वतः घरात दार लावून बसला होता. बेलिफने फाटकात उभे राहून कागद उघडला, घसा साफ केला आणि हुकूम वाचायला सुरुवात केली. अमुक गटातील अमुक क्षेत्र, पूर्वेस, पश्चिमेस. वाचता वाचता, कब्जा कुणाच्या हाती द्यायचा त्या वादीला शोधत, तो पट्ट्यात आत चालत आला.

आई कुलूप निघाल्यापासून तिथेच होती. पदर खोचून, उकिडवी बसून, तिने जमीन फोडून एक वाफा धरला होता, पाणी सोडले होते आणि मुठीमुठीने मेथीचे बी फोकत होती. तिने मान वर केली नाही.

"अहो, वाफ्यात पाय कशाला देताय?" ती म्हणाली. "तिकडं बांधावर उभं राहून द्या, काय द्यायचं ते."